कॅमेरा कुणाच्या बाजूला उभा राहतो?

(मालवण किनाऱ्यावरच्या शिबिरात दुसऱ्या दिवशी सकाळी झालेलं बोलणं. जे शिबिराला येऊ शकले नाहीत त्यांना गावात, वाडीवर, पाड्यावर मोठ्यानं वाचून दाखवता यावं म्हणून बोललं तसंच लिहून काढलं आहे.)



काल रात्री आपण दोन वल्ही वाळूत रोवून त्याला चादर बांधली आणि फिल्म बघितली. जनरेटरनं दोनदा दगा दिला. तरी कुणी उठून गेलं नाही. फिल्मचं नाव ‘फिशिंग : इन द सी ऑफ ग्रीड’, म्हणजे हावेच्या समुद्रातली मासेमारी. १९९८ सालची. बनवणाऱ्याचं नाव आनंद पटवर्धन.

फिल्म संपल्यावर दोन गोष्टी झाल्या. इथल्या एका आजीनं विचारलं, “हो माणूस कोण? आनी तेका ह्यातून काय गावता?” आम्ही म्हटलं, आजी, रात्र झाली, उद्या सकाळी सांगतो. तेवढ्यात मागून आपल्या डोंगरातल्या वाडीचा एक भाऊ उठला. तो म्हणाला, आमच्याकडे पण असेच कॅमेरेवाले आले होते. तीन दिवस राहिले, आमच्याच घरी जेवले. म्हाताऱ्यांना बोलतं केलं, बायांना डोक्यावर मोळी घेऊन चारदा चालायला लावलं. जाताना म्हणाले, फिल्म घेऊन परत येतो. दोन पावसाळे झाले. ते आले नाहीत, फिल्मही आली नाही. आमचं बोलणं कुठं गेलं ते आम्हाला ठाऊक नाही. म्हणून आमच्या ग्रामसभेनं ठराव केलाय, गावात कॅमेरा बंद. सगळ्या गावांनी असाच ठराव करावा.

हा ठराव आज दुपारी आपल्यापुढे येणार आहे. त्याच्याआधी आजीच्या प्रश्नाला उत्तर द्यायचं आहे, कारण दोन्ही गोष्टी एकमेकांत गुंतलेल्या आहेत. त्या भावाचा राग खरा आहे. तो राग मनात ठेवूनच पुढचं ऐका.

चित्र दाखवून गोष्ट सांगणं आपल्याला नवीन नाही. इथून जवळच, कुडाळ तालुक्यात पिंगुळी आहे. तिथले आपले ठाकर आदिवासी भाऊ पिढ्यान् पिढ्या चित्रकथी करत आले. चित्रांचा गठ्ठा, त्याला ते पोथी म्हणतात. एकेक चित्र पुढं धरायचं आणि गाऊन, वाजवून कथा सांगायची. आता यात एक गोष्ट ध्यानात घ्या. चित्रकथी गठ्ठा घेऊन लोकांकडं जायचा. चित्रं काढून घरात ठेवली असती तर ती नुसती कागदं राहिली असती. लोकांसमोर मांडली की मग ती कथा. हे लक्षात ठेवा, पुढं कामाला येणार आहे.

आता हा माणूस कोण ते सांगतो.

आनंद पटवर्धन १९५० साली मुंबईत जन्मले. घर शिकलेलं, आणि स्वातंत्र्याच्या लढाईतलं. बेचाळीसला भूमिगत राहून लढलेले अच्युतराव पटवर्धन आणि त्यांचे भाऊ रावसाहेब, हे त्यांचे काका. म्हणजे सरळ सांगायचं तर ते आपल्यातले नाहीत. जंगलखात्याच्या गार्डानं त्यांच्या घरातली कुऱ्हाड जप्त केलेली नाही. शिकायला अमेरिकेत गेले. तेव्हा अमेरिका व्हिएतनामवर बॉम्ब टाकत होती आणि तिथलीच पोरं त्याविरुद्ध रस्त्यावर होती. हेही त्यांच्यात गेले. परत आल्यावर दोनेक वर्षं मध्य प्रदेशात होशंगाबादकडे किशोर भारती नावाच्या संस्थेत शेती-शिक्षणाचं काम केलं. तोवर फिल्म बनवणारा म्हणून त्यांना कुणी ओळखत नव्हतं.

मग १९७४ आलं. बिहारमध्ये जयप्रकाश नारायण यांचं आंदोलन पेटलं होतं. पटवर्धन तिथं गेले होते ते कार्यकर्ता म्हणून. ४ नोव्हेंबरला पाटण्यात मोठा मोर्चा होता. पोलीस मारणार हे दिसत होतं. मारलं तर पुरावा पायजे, म्हणून फोटो काढायचं, चित्रीकरण करायचं काम यांच्याकडं आलं. स्वतःचा कॅमेरा नव्हता. उसनवारी करून छोटा कॅमेरा आणला, लहान मुलांच्या वाढदिवसाला वापरतात तसला. त्या दिवशी लाठ्या पडल्या, जयप्रकाशजींनाही लागल्या. कॅमेऱ्यानं ते धरलं. पुढं ते बारीक चित्र पडद्यावर टाकून मोठ्या कॅमेऱ्यानं पुन्हा उतरवलं आणि त्यातून पहिली फिल्म उभी राहिली, ‘क्रांती की तरंगें’.

आजीचा प्रश्न इथंच अर्धा सुटतो. या माणसाचं काम सुरू झालं ते पोलिसाच्या लाठीचा साक्षीदार म्हणून. आपण साक्षीला पंच नेतो ना, तसा पंच.

जून १९७५ मध्ये आणीबाणी लागली. ती फिल्म जवळ बाळगणं म्हणजे तुरुंग. मग तिचे तुकडे केले, वेगवेगळ्या हातांनी देशाबाहेर पोचवले, आणि तिकडं कॅनडात शिकायला गेल्यावर पुन्हा जोडले. परदेशात लोकांना दाखवून सांगितलं, आमच्या देशात हे चाललंय. आणीबाणी उठल्यावर परत आले आणि राजकीय कैद्यांवर फिल्म केली, ‘जमीर के बंदी’, १९७८. त्यात त्यांनी एक सरळ गोष्ट मांडली. माणसांना विचारांसाठी कोंडणं आणीबाणीच्या आधीही होतं, आणीबाणीतही होतं आणि नंतरही चालूच राहिलं. म्हणजे सरकार बदललं म्हणून त्यांनी कॅमेरा खाली ठेवला नाही. साथींनो, आपणही जंगलखात्याच्या केसेस मोजतो तेव्हा कुठल्या पक्षाचं राज्य होतं ते बघून मोजतो का?

आता त्या वाडीच्या भावासाठी सांगतो. भाऊ, हे नीट ऐक.

१९८५ साली त्यांची ‘हमारा शहर’ आली. मुंबईतल्या झोपड्या आणि त्या पाडणारी महापालिका. तेव्हा कोर्टाकचेऱ्या चालू होत्या, पावसात झोपड्या पाडत होते. एके ठिकाणी झोपडी मोडलेली, सामान रस्त्यावर पडलेलं, आणि हे कॅमेरा घेऊन उभे. तिथली एक बाई यांच्यावरच भडकली. गरिबाचे फोटो काढून तुम्ही नाव कमवणार, आमच्यासाठी करणार काय, अशा अर्थाचं तिनं त्यांना तोंडावर सुनावलं. म्हणजे काल रात्री तू जे बोललास तेच ती बाई त्या दिवशी बोलली.

दुसरा कुणी असता तर तेवढा तुकडा कापून टाकला असता. कुणाला कळणार होतं? यांनी तो फिल्ममध्ये ठेवला. जो बघेल त्याला त्या बाईचा प्रश्न ऐकावाच लागतो. पण नुसता प्रश्न ठेवून भागत नाही, उत्तर द्यावं लागतं. दुसऱ्याच वर्षी, १९८६ मध्ये, नरिमन पॉइंटजवळची संजय गांधी नगर ही वस्ती पाडली. तेव्हा तिथल्या लोकांबरोबर हे उपोषणाला बसले. नटी शबाना आझमीही बसल्या. शेवटी सरकारला त्या लोकांना गोरेगावच्या बाजूला दिंडोशीत जागा द्यावी लागली. लांब होती, पण जागा मिळाली. त्याच फिल्मला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुरस्कार एका बाजूला आणि उपाशी बसणं दुसऱ्या बाजूला, दोन्ही एकाच माणसाच्या वाट्याला. कॅमेरा कुणाच्या बाजूला उभा राहतो ते शूटिंगच्या दिवशी कळत नाही. ते नंतर कळतं.

पुढं ते आपल्या आदिवासी भावांकडंही गेले. सिमंतिनी धुरू आणि पटवर्धन या दोघांनी मिळून ‘अ नर्मदा डायरी’ केली, १९९५. सरदार सरोवर धरणाच्या पाण्याखाली महाराष्ट्रातलं पहिलं गाव गेलं ते मणिबेली. अक्कलकुव्याच्या डोंगरातलं. मणिबेलीचे लोक घरात पाणी शिरलं तरी हटत नव्हते, पोलीस उचलून नेत होते. काही वर्षं तिथं जाऊन-येऊन ही डायरी झाली. एका दिवसात जाऊन मोळीवाल्या बायांना चारदा चालायला लावलं नाही.

आणि काल बघितलेली समुद्राची फिल्म. १९९१ नंतर सरकारनं परदेशी कंपन्यांच्या भागीदारीतल्या मोठ्या जहाजांना आपल्या समुद्रात परवाने दिले. देशभरचे मच्छीमार उठले, बंद केले, उपोषणं केली. सरकारला मुरारी समिती नेमावी लागली. १९९६ मध्ये तिनं सांगितलं, हे परवाने रद्द करा, नवे देऊ नका. हा विजय कोळी, गाबीत, मुक्कुवर, सगळ्या किनाऱ्यावरच्या लोकांचा. फिल्मनं तो मिळवून दिला नाही. फिल्मनं तो नोंदवून ठेवला. म्हणून इतक्या वर्षांनी आपण डोंगरातली माणसं तो बघू शकलो.

इथल्या काकांनी काल सांगितलं, रापणीला आता पूर्वीसारखा मासा लागत नाही. पन्नास माणसं मिळून किनाऱ्यावरून ओढतात ती रापण. जेवढं मिळेल त्याचे वाटे पडतात, म्हाताऱ्याचा वाटा, विधवेचा वाटा. पण बांगडा, तारली किनाऱ्याला लागायच्या आधीच बाहेर मोठी जाळी घेरून नेतात. हे ऐकून आपल्यातली एक बाई हळूच म्हणाली, आमच्या जंगलात बांबूचं असंच झालं. आणि दुसरी गोष्ट तुम्हाला कळली का? हा समोर दिसतोय तो किल्ला सिंधुदुर्ग. याच्या आजूबाजूचं पाणी १९८७ साली सागरी अभयारण्य म्हणून जाहीर झालं, २९ चौरस किलोमीटर. आपण समजत होतो अभयारण्य जंगलातच असतं. आपल्याला रान बंद, यांना पाणी बंद. कागद वेगळा, खातं तेच वनखातं. म्हणून आपलं शिबिर इथं, समुद्रावर.

आणखी एक फिल्म या जिल्ह्याच्या जवळची. ‘ऑक्युपेशन : मिल वर्कर’, १९९६. मुंबईतली न्यू ग्रेट ईस्टर्न मिल मालकानं चार वर्षं टाळं लावून ठेवली होती. कामगारांनी आत शिरून ती ताब्यात घेतली, त्याची ही छोटी फिल्म. इथं कुठल्याही वाडीत विचारा, कुणाचा आजा नाही तर बाप गिरणीत होता. गिरणीची मनीऑर्डर आली की कोकणातल्या चुली पेटायच्या. १९८२ चा संप झाला आणि त्या चुली विझल्या. गिरणीची जमीन महाग झाली म्हणून गिरणी नको झाली. आपल्या डोंगराखाली खनिज आहे म्हणून डोंगरावरची माणसं नको झाली. दोडामार्ग-सावंतवाडीच्या साथींना हे जास्त सांगायला नको.

आता चित्रकथीचा गठ्ठा आठवा. फिल्म बनवली, पण दाखवायची कुठं?

तेव्हा देशभर घराघरांत पोचणारं एकच होतं, दूरदर्शन. ते लोकांच्या पैशावर चालतं. पटवर्धनांचं म्हणणं होतं, लोकांच्या पैशाची टीव्ही आहे तर लोकांचे प्रश्न तिच्यावर दिसायला पायजेत. दूरदर्शन नाही म्हणायचं. सरकारच एका हातानं राष्ट्रीय पुरस्कार द्यायचं आणि दुसऱ्या हातानं तीच फिल्म टीव्हीवर अडवायचं. मग हे कोर्टात जायचे. एकदा नाही, जवळपास प्रत्येक मोठ्या फिल्मसाठी. ‘राम के नाम’ ही १९९२ ची, अयोध्येच्या वादावरची. तिला राष्ट्रीय पुरस्कार होता तरी मुंबई हायकोर्टातून हुकूम आणावा लागला, तेव्हा ती दाखवली. त्या फिल्ममध्ये तिथल्या मंदिराचे पुजारी लालदास बोलतात, शांतपणे, दंगलीच्या राजकारणाविरुद्ध. १९९३ मध्ये त्यांचा खून झाला. त्यांचं बोलणं आज ऐकायला मिळतं ते फिल्ममुळं. १९९५ च्या ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ साठी तर सुप्रीम कोर्टापर्यंत जावं लागलं. निकाल लागला २००६ साली. म्हणजे अकरा वर्षं! जन्मलेलं पोर पाचवीला गेलं तेवढ्यात.

अणुबॉम्बविरुद्धची ‘जंग और अमन’ २००२ मध्ये झाली. सेन्सॉरनं सांगितलं, इथं कापा, तिथं कापा. यांनी कापलं नाही. २००३ मध्ये हायकोर्टानं सांगितलं, एकही तुकडा न कापता दाखवा. पुढं २००४ मध्ये मुंबईच्या सरकारी महोत्सवानं देशातल्या फिल्मवाल्यांना सेन्सॉरच्या कागदाची अट घातली, तेव्हा खूप जणांनी मिळून ‘विकल्प’ नावानं आपला वेगळा महोत्सव त्याच वेळी भरवला. एकटा माणूस कोर्टात जातो, पण दार उघडायला शेवटी संघटनाच लागते.

हे आम्ही का सांगतोय? कारण आपण वनहक्काचा दावा भरतो आणि समजतो की काम झालं. फॉर्म दिला, पोच घेतली, घरी आलो. साथींनो, दावा भरणं म्हणजे फिल्म बनवणं. तो मंजूर करून घेणं म्हणजे फिल्म दाखवणं. दुसरं काम पहिल्याहून मोठं आहे. या माणसाच्या आयुष्यातली किती वर्षं कॅमेऱ्यामागं गेली आणि किती कोर्टाच्या बाकावर गेली याचा अंदाज करा. दावा फेटाळला तर कारण लेखी मागा. साठ दिवसांत वरच्या समितीकडं अपील करा. उपग्रहाच्या फोटोत तुमचं शेत दिसत नाही, असं साहेब तोंडी सांगेल. त्याला २०१२ चा सुधारलेला नियम दाखवा. उपग्रहाचा फोटो इतर पुराव्याला जोड म्हणून आहे, इतर पुराव्याच्या जागी नाही. अमुकच कागद आणा असा हट्ट समितीला धरता येत नाही.

आता शेवटची फिल्म. ‘जय भीम कॉम्रेड’. ११ जुलै १९९७ ला मुंबईत घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांनी गोळीबार केला. बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली म्हणून लोक रस्त्यावर आले होते. दहा माणसं मेली. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी त्या दुःखात स्वतःचा जीव दिला. हे तेच घोगरे, ज्यांचा आवाज ‘हमारा शहर’ मध्ये आहे. म्हणजे पटवर्धनांचा जुना साथी गेला. त्यांनी कॅमेरा घेतला आणि त्या वस्त्यांत, जलशांत, कोर्टाच्या दारात फिरत राहिले. फिल्म पुरी झाली २०११ मध्ये. चौदा वर्षं. जवळजवळ तीन तासांची फिल्म आहे आणि ती वस्त्यावस्त्यांत पडदे बांधून दाखवली गेली. जवळजवळ तीन तास लोक जमिनीवर बसून बघत होते, काल आपण बसलो तसे. तिच्यात कबीर कला मंचाची पोरं गातात. फिल्म होता होताच त्यातल्या काहींवर नक्षलवादी म्हणून शिक्का बसला आणि त्यांना लपून राहावं लागलं. त्यांच्या बाजूनं जी बचाव समिती झाली तिच्यात पटवर्धन उभे राहिले.

त्या दोन पावसाळे वाट बघणाऱ्या भावाला आम्हाला हेच सांगायचंय. चौदा वर्षं लागली तरी हरकत नाही. पण परत यायला पायजे.

आजी, तुमच्या प्रश्नाचा दुसरा अर्धा. त्याला काय मिळतं? पैसा म्हणाल तर मोठ्या कंपनीचा घेत नाही. कॅमेरा बहुतेक स्वतः धरतो, जोडकामही स्वतः करतो, आधीच्या फिल्मचे जे पैसे येतात त्यातून पुढची करतो. म्हणूनच कुणी सांगू शकत नाही, एवढं काप, तेवढं झाक. मानसन्मान मिळाला, देशात, परदेशात. शिव्याही मिळाल्या. एवढंच.

एक गोष्ट मात्र प्रामाणिकपणे सांगायला हवी. फिल्मनं धरण थांबलं नाही. मणिबेली बुडालं. गिरण्या चालू झाल्या नाहीत, तिथं टॉवर उभे राहिले. झोपड्या पाडणं आजही चालूच आहे. कुणी कॅमेरावाला गावात येऊन म्हणाला, मी फिल्म करतो म्हणजे तुमची जमीन मिळेल, तर त्याला चहा पाजा आणि बसस्टँडवर सोडून या. जमीन मिळते ती संघटनेनं, ग्रामसभेनं, मोर्चानं, कागदानं. फिल्म करते ती दोन कामं. खोटं बोलणाऱ्याला नंतर फिरता येत नाही. आणि एका ठिकाणची लढाई दुसऱ्या ठिकाणच्या माणसाला दिसते. ही दोन कामं लहान नाहीत.

म्हणून दुपारच्या ठरावाबद्दल आमचं म्हणणं असं. ‘कॅमेरा बंद’ असा ठराव करू नका. तसा ठराव झाला तर खातेवाल्याचा कॅमेरा येतच राहील, कारण तो विचारून येत नाही. थांबेल फक्त आपल्या बाजूचा. त्याऐवजी अटींचा ठराव करा. वाचून दाखवतो.

एक. बाहेरून कुणीही चित्रीकरणाला आलं तर आधी ग्रामसभेला विचारायचं. आपण कोण, कशासाठी, पैसा कुणाचा, हे नोंदवहीत लिहून सही करायची.

दोन. ग्रामसभेनं हो म्हटलं तरी ज्याचं चित्र घ्यायचं त्या माणसाला वेगळं विचारायचं. तो नको म्हणाला तर कॅमेरा खाली.

तीन. देवाच्या जागा, औषधी झाडं ओळखायच्या खुणा, आणि ज्यांच्यावर केसेस चालू आहेत त्यांचे चेहरे, हे गावानं ठरवल्याशिवाय घ्यायचं नाही.

चार. खोटं उभं करायचं नाही. मोळी चारदा उचलायला लावायची नाही.

पाच. फिल्म झाली की गावात आणून दाखवायची. एक प्रत गावाकडं ठेवायची. गावानं चूक दाखवली तर ऐकून घ्यायची.

या झाल्या बाहेरच्यांसाठी. आता आपल्यासाठी. आज आपल्या पोरांच्या खिशात मोबाईल आहे, त्यात कॅमेरा आहे. १९७४ मध्ये पटवर्धनांना जो उसना आणावा लागला तो आपल्या घरात आहे. त्यावर नाचगाण्याचे व्हिडिओ घ्या, आमची ना नाही. पण गावातली सगळ्यात म्हातारी माणसं आहेत त्यांना घेऊन शिवारात जा. जुनी विहीर कुठं, बांध कुणी घातला, मसणवटा कुठं, देवाची राई कुठून कुठवर, आंब्याचं झाड कुणी लावलं, हे त्यांना जागेवर उभं करून बोलू द्या. नियमात हे सगळे पुरावे म्हणून लिहिलेले आहेत, विहिरी, बांध, दफनाच्या जागा, देवाच्या जागा. ज्येष्ठ माणसाचं म्हणणंही पुरावा आहे, पण ते लेखी असावं लागतं आणि तो माणूस स्वतः दावेदार नसावा. म्हणून मोबाईलमध्ये घेतलं की काम संपलं असं नाही. त्याच दिवशी संध्याकाळी ते वहीत उतरवा, वाचून दाखवा, अंगठा किंवा सही घ्या, तारीख घाला. एकाहून जास्त पुरावे जोडा. मोबाईलमधलं कार्डात भरून दोन वेगळ्या घरांत ठेवा. मोबाईल पाण्यात पडतो, पोर मुंबईला जातं, म्हातारं माणूस तर कधीही जातं. गेल्या पावसाळ्यात आपल्या एका पाड्यावरची आजी गेली. सत्तर वर्षांपूर्वीचा बांध कुणी घातला हे सांगणारं तेच एक माणूस होतं. तिला विचारायचं राहून गेलं. तो दावा अजून लटकलेला आहे.

आणि मोजणीला, पंचनाम्याला, झोपडी मोडायला साहेब आले तर एकानं बोलावं, एकानं शांतपणे कॅमेरा धरावा. शिवी नाही, धक्का नाही. फक्त धरून ठेवावा. साहेबाची भाषा बदलते, आम्ही बघितलंय.

महिन्यातून एका रात्री, वीज असेल त्या गावात, चादर बांधून जे घेतलंय ते सगळ्यांना दाखवा. समुद्रावरच्यांचं डोंगरात दाखवू, डोंगरातलं इथं आणू. आज दुपारी इथले काका आपल्याला रापण ओढताना यायला सांगतायत. हात द्या. पोरांनो, त्यांना विचारून मोबाईलमध्येही घ्या. पुढच्या शिबिराला येताना ते परत आणायचं आहे, आजीला पहिल्या रांगेत बसवून दाखवायचं आहे.

एवढं बोलून थांबतो. जेवणानंतर ठराव मतदानाला आहे. ज्यांना ‘बंद’च हवा आहे त्यांनीही उभं राहून बोलायचं, मघाचा भाऊ पहिला बोलेल. मग हात वर.

जिंदाबाद!